उलट्या पदराचा म्हातारा

शोवा राजवटीचं चौथं वर्ष, म्हणजे १९२९. साल माझ्या पक्कं लक्षात आहे, कारण त्याच वर्षी कुवाबारांच्या कारखान्यात माझ्या हातातली कात्री काढून घेतली आणि सुरी दिली. एकोणीस वर्षांच्या मुलीच्या हाती सुरी, म्हणून माझी आई आठवडाभर धुसफुसत होती.

कुवाबारा म्हणजे साचे कापणारं घर. क्योतोत होरिकावा ओढ्याच्या काठी रंगारी किमोनोचं कापड रंगवत. त्यावरची नक्षी ज्या कागदी साच्यातून उमटते, तो साचा आम्ही कापायचो. कागद काकी नावाच्या फळाच्या तुरट रसात भिजवलेला, धुरावर धरलेला, चामड्यासारखा चिवट. त्याचा वास अजून माझ्या बोटांना येतो असं मी म्हटलं की नाती हसतात.

कारखाना चालवायचे तोकुजिरो. तिशीचे, अबोल, पाठ थोडी वाकलेली. आम्ही सगळे त्यांना मालक म्हणायचो. पुढे माझं त्यांच्याशी लग्न झालं तरी तोंडातलं ‘मालक’ काही गेलं नाही. त्यांचे वडील गेन्झो दर शरदात साच्यांचं गाठोडं पाठीवर टाकून उत्तरेकडे विकायला जायचे. गावोगाव हिंडून हिवाळा लागायच्या आत परत. तीन वर्षांपूर्वी गेले ते आलेच नाहीत. निरोप नाही, प्रेत नाही, कुणी पाहिल्याचं नाही.

तोकुजिरोंची आई योने. ती रोज सकाळी नवऱ्याचं ताट वाढायची. प्रवासाला गेलेल्या माणसाचं ताट घरी वाढलं की तो वाटेत उपाशी राहत नाही, ही आमच्याकडची जुनी रीत. भात, मिसोचं म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचं सार, मुळ्याचं लोणचं, आणि वाटीसमोर आडव्या ठेवलेल्या जेवायच्या काड्या. साराच्या झाकणाला आतून थेंब धरले की माणूस सुखरूप. योने रोज झाकण उचलून बघायची आणि म्हणायची, “धरलेत.” कढत साराच्या झाकणाला थेंब धरणार नाहीत तर काय होईल! पण आमच्यातलं कुणी ते बोललं नाही.

बोलायचे ते जिम्बेइकाका, गेन्झोंचे धाकटे भाऊ. ते आले की पायऱ्यांवरूनच सुरू व्हायचे.

“वहिनी, अजून ताट वाढतेस? अगं, मेलेल्यापुढे काड्या आडव्या ठेवतात का? तो बिचारा तिकडे भुतासारखा भटकतोय आणि तू त्याला लोणचं दाखवतेयस!”

“मेले असं कोण म्हणतं?”

“तीन वर्षं झाली!”

“तुम्ही एकदा ओसाकाला गेलात तर सात महिने आला नव्हतात. तुमचा अंत्यविधी करून टाकायला हवा होता काय?”

काका पायरीवरच बसकण मारायचे. आणि खरं सांगायचं तर त्यांचंही चुकत नव्हतं. जिवंत माणसाचा अंत्यविधी केला तर त्याची घरची वाट बंद होते. मेलेल्याचा नाही केला तर तो निराधार, भुकेला फिरत राहतो. योनेला यातलं एक निवडायचं होतं, आणि कुठलंही चुकलं तर ते त्या माणसालाच भोगावं लागणार होतं. म्हणून ती निवडत नव्हती. नवीन वर्ष उलटू दे, मग बघू, एवढंच म्हणायची.

अशात मालकांच्या डोक्यात चित्रपट शिरला. यंत्रावर छापलेलं कापड बाजारात आल्यापासून साच्यांना मागणी घटली होती. आमच्या गल्लीच्या तोंडाशी चिदोरी नावाचं थिएटर होतं. तिथे एकदा परदेशी हलती चित्रं आली, एक मांजर आणि एक तळण्याचा तवा. मालक दोनदा बघून आले आणि म्हणाले, “हे कागदाने करता येईल.”

चिदोरीत उन्काकु नावाचे बेन्शी होते. मूकपट चालू असताना पडद्याशेजारी उभं राहून सगळ्यांचे आवाज काढत गोष्ट सांगणारा तो बेन्शी. लोक नटांपेक्षा बेन्शीच्या नावावर तिकीट काढायचे. उन्काकुंना नवीन वर्षाच्या सुट्टीत मुलांसाठी काहीतरी हवं होतं.

“चिमणीची गोष्ट कर,” ते मालकांना म्हणाले. “पोरांना पाठ असते, त्यामुळे ती रडणार कुठे, हसणार कुठे, हे मला आधीच ठाऊक. आणि हे बघ तोकु, अक्षरं घालू नकोस. पडद्यावर अक्षरं आली की लोक वाचत बसतात, माझ्याकडे कुणी बघत नाही.”

गोष्ट आमच्याकडे दुधाच्या दातांबरोबर येते. म्हाताऱ्याची एक लाडकी चिमणी असते. ती खळ खाते म्हणून खाष्ट म्हातारी तिची जीभ कापते. म्हातारा तिला शोधत बांबूच्या बनात जातो, चिमण्या त्याचा पाहुणचार करतात आणि एक लहान पेटी देऊन घरी पाठवतात.

आम्ही साच्याच्या कागदातून माणसं कापली. हात वेगळे, पाय वेगळे, सांध्यांना दोरा. वर फुलाफुलांचे रंगीत कागद चिकटवले. छताला टांगलेला कॅमेरा खाली तोंड करून. मालक चिमटीने पाय एवढासा सरकवायचे, मी हँडल एकदा फिरवायची, एक चित्र. पुन्हा पाय, पुन्हा हँडल. दिव्यांच्या उष्णतेने कागद वळायला लागला की वर काच दाबायची. श्वाससुद्धा जपून सोडायचा, नाहीतर चिमण्या उडून जायच्या, त्याही खऱ्याखुऱ्या, टेबलाखाली.

म्हाताऱ्याला मालकांनी वडिलांची अंगकाठी दिली. मला सांगितलं नाही, पण मला कापतानाच कळलं. लांब भुवया, आणि गाठोडं वाहून झुकलेला डावा खांदा. म्हातारीला काय चेहरा द्यायचा यावर बराच वेळ गेला. आईचा देण्याची कुणाची छाती? शेवटी तिला जिम्बेइकाकांची हनुवटी दिली. काकांनी ते चित्र हातात घेऊन पाहिलं आणि म्हणाले, “काय दुष्ट बाई आहे! हुबेहूब आमची शेजारीण.” मी तोंडात बाही कोंबून आत पळाले.

आता चुकीचं सांगते. ती चूक साचे कापणाऱ्याच्याच हातून व्हावी अशी आहे.

आमच्या धंद्यात उजव्या बाजूची नक्षी झाली की डाव्या बाजूसाठी वेगळी कापत नाहीत. तोच साचा उलटा टाकतात. हा हाताचा स्वभावच होऊन जातो. म्हातारा बनाकडे जाताना पडद्यावर डावीकडे चालतो, येताना उजवीकडे. मग येतानाचा म्हातारा वेगळा कशाला कापायचा? मालकांनी तोच पालथा घातला आणि त्याच्या पाठीवर तसेच कागद चिकटवले. तीच भुवई, तोच किमोनो, तीच पांढरी गळपट्टी.

पालथा घातल्यावर पदर उलटला. आमच्याकडे जिवंत माणसाच्या किमोनोचा डावा पदर उजव्यावर येतो. उजवा डाव्यावर फक्त प्रेताला घालतात. शेंबड्या पोरालाही हे ठाऊक असतं, घाईत कुणी उलटं नेसलं तर आई पाठीत धपाटा घालते. पण आम्ही ते वरून, दिव्याखाली, हात वेगळे पाय वेगळे असं आठ आठवडे बघत होतो. आम्हाला माणूस दिसतच नव्हता. आम्हाला कागद दिसत होता. त्यातून येतानाच्या म्हाताऱ्याची टोपी काढून त्याच्या कपाळाला पांढरा रुमाल बांधला होता, कारण टोपी तो चिमण्यांना भेट देतो असं मालकांनी ठरवलं होतं. प्रेताच्या कपाळालाही पांढरं फडकं बांधतात.

नवीन वर्षाच्या तिसऱ्या दिवशी दुपारी चिदोरी गच्च भरलं. चटयांवर पोरं, पोरांच्या आया, भाजलेल्या रताळ्यांचा वास. योने पुढे बसली होती, शेजारी जिम्बेइकाका, मागे मी आणि मालक. शामिसेनच्या तारा वाजल्या, दिवे गेले आणि आमचा म्हातारा चालू लागला. खरंच चालला! योने एकदम पुढे झुकली.

“हे चालणं...” ती म्हणाली. “तोकु, हे चालणं कुठून आणलंस?”

मालक पडद्याकडेच बघत राहिले. अंधारात त्यांचे कान लाल झाले असणार.

चिमण्यांचा नाच झाला, पोरं टाळ्या पिटून दमली. म्हाताऱ्याने पेटी पाठीला बांधली, तोंड घराकडे केलं आणि निघाला. उन्काकु गोड आवाजात म्हणत होते, “आणि आनंदाने आजोबा घरच्या वाटेला...”

मागून एक बाई किंचाळली, “अगं बाई, हा तर मेलाय!”

सगळं थिएटर श्वास रोखून बघायला लागलं. मग एकच गलका. “खरंच की!” “कधी मेला?” “चिमण्यांनी मारलं काय?” एक पोरगं भोकाड पसरून रडायला लागलं. एक आजोबा मोठ्याने म्हणाले, “आमच्या गावी गोष्ट अशी नव्हती बुवा.” मी मालकांकडे बघितलं, मालक माझ्याकडे. दोघांनाही क्षणभर कळलंच नाही की हे काय झालं. आपण जे केलं त्यात माणूस मेला कधी?

उन्काकुंनी पडद्याकडे मान वळवून पाहिलं. बेन्शीला थांबता येत नाही, चित्र थांबत नाही ना. त्यांनी आवाज खाली आणला.

“पण आजोबांना कुठे ठाऊक होतं,” ते म्हणाले, “की बनातून परतणारा आता या जगातला राहिला नाही...”

बासरीवाल्याने भुताच्या नाटकात वाजवतात ती थरथरती सुरावट धरली. ढोल हलकेच घुमू लागला. बायका बाहीने डोळे पुसायला लागल्या. आणि तेवढ्यात पडद्यावरच्या म्हाताऱ्याने चिमण्यांना हात करायला मागे वळून पाहिलं. वळून पाहिलं म्हणजे आम्ही त्याला पुन्हा सुलटा घातला होता. पदर सरळ झाला. म्हातारा जिवंत.

“जिवंत झाला!” पोरं ओरडली.

बासरी थबकली. उन्काकु म्हणाले, “अं...” त्यांच्या आयुष्यात पडद्याशेजारी उभं राहून त्यांनी ‘अं’ म्हटलेलं कुणी ऐकलं नव्हतं. मग म्हातारा पुन्हा घराकडे वळला आणि पुन्हा मेला. ढोलवाल्याने वैतागून ढोल मांडीवरून खाली ठेवला.

योने मात्र हलली नाही. चित्र संपून दिवे लागले तरी पांढऱ्या पडद्याकडे बघत बसली होती. मग शांतपणे म्हणाली, “सांगायला आले होते. तीन वर्षं मी ऐकलं नाही. भावजी, भटजींना बोलवा.”

जिम्बेइकाका, ज्यांनी तीन वर्षं हेच मागितलं होतं, ते गडबडले. “अगं, हे... चित्र आहे ना गं हे?”

“माझ्या मुलाच्या हातून आले. आणखी कुणाच्या हातून येणार?”

घरी आल्यावर मालकांनी आईसमोर कागदाचा म्हातारा ठेवला.

“आई, हा बघ. हा जाताना. आता हा पालथा घातला, हा येताना. पदर उलटला, बास. माझी चूक आहे. बाबांचा यात काही संबंध नाही.”

“पुन्हा कर.”

त्यांनी पुन्हा उलटवला. जिवंत. पुन्हा. मेलेला. योने डोळे बारीक करून बघत होती.

“मग यातला खरा कुठला?”

“कुठलाच नाही. कागद आहे हा.”

“कागद आहे तर मग त्यांचा डावा खांदा कसा झुकलाय?”

मालक माझ्याकडे वळले, जणू मी काही सांगेन. मी काय सांगणार? मीच तो खांदा कापला होता.

“पालथा मी घातला, पण मुद्दाम नाही,” ते म्हणाले.

“तेच म्हणतेय मी,” योने म्हणाली. “तू मुद्दाम नाही घातलास. मग कुणी घातला?”

भटजींचा दिवस ठरला. मालकांना जेवण जाईना. आपल्या हाताच्या सवयीने आपण बापाची परतीची वाट बंद करतोय, हे त्यांना सोसवेना. एक दिवस सकाळी ते म्हणाले, “मियो, येतानाचा म्हातारा नवा काप. सरळ पदराचा.” आम्ही येतानाचा सगळा भाग नव्याने केला. भटजी यायच्या आदल्या दिवशी दुपारी चिदोरीत तो दाखवायचं ठरलं. मालक आईला म्हणाले, “एकदाच ये. मग तू म्हणशील तसं.”

आता गंमत बघा. पहिल्या खेळाची बातमी अख्ख्या रंगारी आळीत पसरली होती. चिमणीची गोष्ट, पण म्हातारा मरून परत येतो! त्या दिवशी पोरांपेक्षा मोठी माणसं जास्त. सगळे भुताला बघायला आलेले.

म्हातारा बनातून निघाला. पदर सरळ, कपाळाला रुमाल नाही.

“ए, मेलेला दाखवा!” कुणीतरी ओरडलं. “हा कुठला?” “उन्काकु, म्हातारा बदललात काय?”

उन्काकुंनी सुरुवात केली, “आनंदाने आजोबा...” लोक हुर्यो करायला लागले. त्यांनी पलटी मारली, “पण आजोबांना कुठे ठाऊक...” पडद्यावर म्हातारा चांगला ठणठणीत. पोरं म्हणाली, “जिवंत आहे की!” उन्काकुंनी एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा लोकांकडे, आणि गप्प झाले. हातातला पंखा मिटला. वाजवणाऱ्यांनी त्यांच्याकडे बघून हात आवरले. थिएटरात फक्त यंत्राची खटखट. कुणी काही सांगत नाही, आणि म्हातारा आपला एक पाय, दुसरा पाय, डावा खांदा झुकवून चालतोय. बडबड करणारी माणसंही थांबली. अंगणाचं कुंपण आलं. दार आलं.

योने पूर्वी नवऱ्याला रोज दारात म्हणायची तशी, जरा कुरकुरत म्हणाली, “आलात? पाय धुऊन घ्या.”

कुणी हसलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती ताट वाढायला बसली तेव्हा आम्ही सगळे दाराआडून बघत होतो. भात वाढला. काड्या हातात घेतल्या आणि तशीच बसून राहिली. मेलेल्याच्या भातात काड्या उभ्या खोचतात, प्रवाशापुढे आडव्या ठेवतात. बराच वेळ गेला. मग तिने एक काडी भातात उभी खोचली आणि एक समोर आडवी ठेवली.

भटजी आले. ताटाकडे बघून त्यांनी डोक्यावरून हात फिरवला. “आजी, हे काय?”

“दोनदा आले,” योने म्हणाली. “एकदा तसे, एकदा असे. मी कोण ठरवणार?”

“मग मी काय म्हणू? प्रवासाचं की परलोकाचं?”

“तुम्ही शिकलेले. तुम्हीच बघा.”

भटजींनी जिम्बेइकाकांकडे बघितलं, काकांनी छताकडे. भटजींनी चहा घेतला, बीनच्या दोन वड्या खाल्ल्या, हवा थंड आहे म्हणाले आणि गेले. त्यानंतर काकांनी त्या घरात अंत्यविधीचं नाव काढलं नाही. आले की ताटाकडे बघायचे, मान हलवायचे आणि खाली बसायचे.

आता कोणाचं काय झालं ते सांगते.

उन्काकु बोलपट येईपर्यंत बेन्शी होते. मग सायकलीवर चित्रांची पेटी बांधून गल्लीबोळांत पोरांना गोळ्या विकत गोष्टी सांगायचे. चिमणीची गोष्ट त्यांनी पुन्हा कधी सांगितली नाही. पोरांनी मागितली की म्हणायचे, “तिचा शेवट मला येत नाही.” जिम्बेइकाका जेवता जेवता गेले. आपली हनुवटी पडद्यावर आली होती हे त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. चिदोरी युद्धात पाडलं, आगीला वाट मिळू नये म्हणून रस्ता रुंद केला तेव्हा. मालकांनी आणखी दोन लोककथा केल्या, त्यात माणसं नव्हती, नुसती माकडं आणि खेकडे. ते जाऊन आता बारा वर्षं झाली. फिल्मचा वीतभर तुकडा माझ्याकडे उरलाय. उजेडात एका बाजूने धरला की म्हातारा सरळ पदराने डावीकडे जातो. दुसऱ्या बाजूने धरला की उलट्या पदराने घरी येतो. कुठली बाजू आपल्याकडे धरायची हे सांगणारं आता कुणी नाही.

योने, माझी सासू, शोवाच्या सतराव्या वर्षी हिवाळ्यात गेली. तोवर रोज एक काडी उभी, एक आडवी. तिला शेवटचं नेसवताना मालकांचे हात थांबले. मला विचारलं, “मियो, कुठला वर?” आयुष्यभर किमोनोचे साचे कापलेला माणूस! मी त्यांचा हात धरून उजवा पदर वर घेतला.

तिच्या थडग्यावर नवऱ्याचं नाव शेजारी कोरायचं होतं. आमच्याकडे जोडीतला जो जिवंत असतो त्याचं नाव तांबड्या रंगाने भरतात, गेला की रंग काढून टाकतात. पाथरवटाने विचारलं, रंग भरायचा की नाही, आणि मालक म्हणाले, तांबडं भरा.

गेन्झो आज असते तर एकशे वीस वर्षांचे असते. रंग उडत चाललाय, या वसंतात पाहिलं तर फक्त खाचेच्या तळाशी थोडा उरलाय. पाथरवटाचा नातू म्हणाला, “आजी, खरवडून टाकू की पुन्हा भरू?” मी म्हटलं, पुढच्या वेळी सांगते.